पूर्व किनाऱ्याचे आराखडे आखणाऱ्यांना एका निवृत्त टॅली क्लार्कचे खुले पत्र

प्रति,
मुंबईच्या पूर्व किनाऱ्याच्या पुनर्विकासाशी संबंधित सर्व नियोजन अधिकारी, नगररचनाकार, वास्तुरचनाकार आणि वारसा-सल्लागार यांस,

विषय : गोदी कामगारांच्या नोंदी, त्यांची कामाची जागा आणि त्यांची थकलेली उत्तरे यांबाबत.

सविनय नमस्कार.

काही महिन्यांपूर्वी पूर्व किनाऱ्याच्या पुनर्विकासाविषयीच्या एका सादरीकरणाला मी श्रोता म्हणून बसलो होतो. पडद्यावर ससून गोदीपासून वडाळ्यापर्यंतची पट्टी फिकट पिवळ्या रंगात रंगवलेली होती आणि नकाशाच्या कोपऱ्यातील सूचीत त्या रंगासमोर लिहिले होते, ‘रिकामी व अल्पवापरातील जमीन’. पुढच्या चित्रांत त्याच पट्टीवर सायकलींचे मार्ग, उपाहारगृहे, खासगी नौका नांगरून ठेवण्याची जागा (मरीना) आणि संध्याकाळी फिरायला आलेली हसतमुख माणसे होती. प्रश्नोत्तरांच्या वेळी मी एवढेच विचारले की, या नकाशात गोदी कामगार कोठे आहे. व्यासपीठावरील गृहस्थांनी अतिशय सौजन्याने उत्तर दिले, ‘तुमच्या भावना आम्ही नोंदवून घेतो.’ मी ३६ वर्षे गोदीत नोंदी घेण्याचेच काम केले. भावनांचा रकाना माझ्या वहीत कधी नव्हता. म्हणून जे सांगायचे आहे ते रीतसर, मुद्द्यांनिशी लिहून देत आहे, आणि ते आपल्या आवक-नोंदवहीत पडून राहू नये यासाठी सर्वांना वाचता येईल अशा रीतीने देत आहे.

प्रथम माझा या प्रकरणाशी संबंध काय, ते सांगतो. माझे वडील रत्नागिरी जिल्ह्यातील एका खेड्यातून १९४६ साली मुंबईत आले, डोंगरीतल्या गावकीच्या खोलीत पथारीपुरत्या जागेवर राहिले आणि चाळीस वर्षे बोटींच्या पोटात माल चढवण्या-उतरवण्याचे काम करून निवृत्त झाले. त्यांचे थोरले बंधू, म्हणजे माझे चुलते, त्यांच्याआधी याच गोदीत येत असत. १४ एप्रिल १९४४ रोजी ते व्हिक्टोरिया गोदीत कामावर गेले आणि परतले नाहीत. मी स्वतः १९७५ मध्ये टॅली क्लार्क, म्हणजे धक्क्यावर माल मोजून नोंदवणारा कारकून, म्हणून लागलो आणि २०११ मध्ये निवृत्त झालो. आमच्या घरातील तीन माणसांचे मिळून जे आयुष्य या पिवळ्या पट्टीत गेले, त्याचा हिशेब मागण्याचा अधिकार मला आहे, असे मी समजतो.

आपल्या अहवालांत बंदराचा इतिहास सहसा इमारतींपासून सुरू होतो. १८७३ मध्ये पोर्ट ट्रस्टची स्थापना झाली, १८७५ मध्ये ससून गोदी बांधून झाली, १८८० मध्ये प्रिन्स गोदी खुली झाली, तिच्या शेजारी व्हिक्टोरिया गोदी झाली आणि १९१४ मध्ये अलेक्झांड्रा गोदी, जिला आज आपण इंदिरा गोदी म्हणतो. हे सर्व बरोबर आहे. पण अलेक्झांड्रा गोदी खणताना निघालेल्या माती-दगडांची भर घालून ज्या जमिनीवर बॅलार्ड इस्टेट उभे राहिले, त्या इमारतींच्या रेखीव दर्शनी भागांचे वर्णन करताना ती माती कोणी उपसली, हे एका ओळीतही येत नाही. यलो गेट, ग्रीन गेट, ऑरेंज गेट ही गोदीच्या दरवाजांची नावे आमच्या घरांत पत्त्यासारखी वापरली जात. ‘आज ग्रीन गेटला ये’ एवढे म्हटले की डबा घेऊन येणाऱ्या पोराला पुरे होई. आज ऑरेंज गेटचे नाव वर्तमानपत्रांत येते ते मरीन ड्राइव्हला जाणाऱ्या बोगद्यामुळे.

या दरवाजांबाहेर दर सकाळी काय घडत असे, ते वडिलांकडून ऐकलेले आहे. बोट लागली की माणसांची गरज, बोट नसली की नाही. त्यामुळे मालकांच्या दृष्टीने कामगार कायमचा ठेवणे हा निव्वळ तोटा होता. माणसे पुरवण्याचे काम तोलीवाले आणि मुकादम करीत. ते दारात उभे राहून बोटाने माणूस निवडत, मजुरी त्यांच्याच हातून वाटली जाई आणि त्या हातात काही ना काही राहून जाई. ज्याची निवड झाली नाही त्याने दुपारच्या पाळीपर्यंत तेथेच बसून राहायचे आणि तेव्हाही नाव निघाले नाही तर गावकीच्या खानावळीत उधारीवर जेवायचे. कामगारविषयक शाही आयोगाने १९३१ च्या अहवालात गोदी कामगारांची नोंदणी करून ही अनिश्चितता कमी करावी अशी शिफारस केली होती. प्रत्यक्षात कायदा यायला १९४८ साल उजाडले आणि मुंबईची योजना लागू व्हायला १९५१.

ही योजना म्हणजे काय होते, हे आज कोणाला सांगावे लागते याचे मला वाईट वाटते. कामगाराचे नाव नोंदवहीत आले. राखीव फळीतल्या माणसांना पाळीपाळीने काम मिळू लागले, मुकादमाच्या मर्जीने नव्हे. कामावर हजर राहूनही काम न मिळालेल्या दिवसाचा भत्ता मिळू लागला आणि महिन्यातल्या किमान काही दिवसांच्या मजुरीची हमी आली. वडिलांनी आपले नोंदणी कार्ड देवघरात, कुलदैवताच्या तसबिरीमागे ठेवले होते, आणि आईला त्यात काहीही वावगे वाटत नसे. हे आपोआप घडले नाही. पी. डिमेलो यांच्यासारख्या पुढाऱ्यांनी गोदीतल्या माणसांना एकत्र आणले. त्यांच्या पश्चात जॉर्ज फर्नांडिस, एस. आर. कुलकर्णी, डॉ. शांती पटेल यांनी वेगवेगळ्या संघटनांतून ते काम चालवले. या संघटनांत आपापसांत भांडणे होती, काही निर्णय चुकलेही, आणि मी त्यांच्या सभांत बसून त्यांच्यावर टीका केलेली आहे. पण डिमेलो यांचे नाव ज्या रस्त्याला दिले आहे, त्याच रस्त्याने रोज मोटारीतून जाणाऱ्यांपैकी किती जणांना ते कोण होते हे ठाऊक आहे, हा प्रश्न आपण आपल्या कार्यालयात एकदा विचारून पाहावा.

आता कामाबद्दल. बोटीच्या होल्डमध्ये, म्हणजे माल भरण्याच्या पोटात, दहा-बारा जणांची गँग उतरत असे. वर हॅचच्या, म्हणजे होल्डच्या तोंडाच्या, काठाशी इशारे देणारा उभा, दोर ओढणाऱ्या विंच यंत्रावर विंचवाला, आणि खाली हातात लोखंडी हूक घेतलेली माणसे. पोते असो, गाठ असो की पेटी असो, हूक घालून ती ओढायची, स्लिंगमध्ये, म्हणजे माल उचलण्याच्या दोरांच्या झोळीत, रचायची, हाक द्यायची आणि डेरिक, म्हणजे बोटीवरची क्रेन, उचलू लागला की अंग चोरून बाजूला व्हायचे. मालाची वजने माणसाकडे पाहून ठरत नसत. १०० किलोचे पोते ही नित्याची बाब होती. प्रत्येक मालाची आपली शिक्षा होती. काजळीची पोती उतरवली की आठवडाभर थुंकी काळी पडे, कातड्याच्या गाठी उतरवलेल्या दिवशी घरात कोणी जवळ बसत नसे, गंधकाने डोळे सुजत, सोडा ॲशने घामाच्या जागी फोड येत. १९५६ च्या करारानंतर अमेरिकेचा गहू बोटी भरभरून येऊ लागला, तेव्हा तो मोकळा गहू पोत्यांत भरण्यासाठी वडील धुळीत इतके बुडून काम करीत की, घरी आल्यावर त्यांच्या कानांतून दाणे निघत. तोच गहू आठवड्याभराने रेशनच्या दुकानातून आमच्याकडे येई. तो फारसा चांगला नसे, हेही सांगायला हवे.

प्रिन्स आणि व्हिक्टोरिया गोद्यांचे दरवाजे भरतीच्या सुमारास उघडत, त्यामुळे बोटींचे येणे-जाणे समुद्र ठरवी आणि आमच्या घरातील जेवणाच्या वेळाही. आईला पंचांगातील तिथीवरून भरती केव्हा येईल ते सांगता येत असे, आणि त्यावरून वडिलांची बोट आज सुटेल की उद्या, याचा तिचा अंदाज सहसा चुकत नसे.

माझे स्वतःचे काम अंग मोडणारे नव्हते. मला त्याची लाज वाटत असे, आणि वडिलांना त्याचाच अभिमान. धक्क्यावर उभे राहून प्रत्येक स्लिंगमधील नग मोजायचे, त्यांवरच्या खुणा आणि क्रमांक लिहायचे, फुटलेले, भिजलेले, फाटलेले वेगळे दाखवायचे आणि पाळी संपताना बोटीच्या बाजूने मोजणाऱ्याच्या आकड्याशी आपला आकडा ताडून सही घ्यायची. एक पोते कमी भरले तरी चौकशी होई. मी हे मुद्दाम लिहितो आहे, कारण ज्या ठिकाणी एका पोत्याचा हिशेब लागला नाही तर कागदांचा गठ्ठा तयार होत असे, त्याच ठिकाणी माणसांचा हिशेब आजही लागलेला नाही, आणि हीच माझी तक्रार आहे.

तक्रारी अशा.

पहिली तक्रार ‘रिकामी’ या शब्दाबद्दल आहे. हा शब्द निरुपद्रवी आहे असे आपण म्हणाल. परंतु या शहराला या शब्दाचा अनुभव आहे. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतील नियम ५८ नुसार पुनर्विकास होणाऱ्या गिरण्यांची जमीन तीन वाट्यांत विभागायची होती : एक वाटा महापालिकेला मोकळ्या जागांसाठी, एक म्हाडाला घरांसाठी आणि एक मालकाला. २००१ मध्ये नियमात दुरुस्ती झाली आणि वाटणी संपूर्ण जमिनीची न राहता केवळ बांधकाम नसलेल्या मोकळ्या जमिनीची झाली. गिरणीच्या आवारात बहुतांश जागा शेडनी व्यापलेली, त्यामुळे शहराच्या आणि कामगारांच्या वाट्याला येणारे क्षेत्र एकदम आटले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि २००६ मध्ये ती दुरुस्ती कायम राहिली. जमीन कोणीही हलवली नव्हती. फक्त ‘मोकळी’ कशाला म्हणायचे, हे बदलले होते. तेव्हा मोकळी म्हणजे काय याची व्याख्या आकुंचित करून कामगारांचा वाटा कमी झाला. आता रिकामी म्हणजे काय याची व्याख्या फुगवून कामगारच नकाशातून जातो आहे. ज्या शेडला आपण अल्पवापरातील म्हणता तिच्यात आजही माल उतरतो, दारूखान्यात जहाजे मोडली जातात, भाऊच्या धक्क्यावर पहाटे मासळी येते, आणि या सगळ्याच्या अवतीभवती माणसे राहतात. या जागेला दुसरे काही नाव देता येत नसेल तर ‘कामाची जागा’ असे म्हणावे.

दुसरी तक्रार १४ एप्रिल १९४४ बद्दल. त्या दिवशी व्हिक्टोरिया गोदीत ‘फोर्ट स्टिकिन’ ही बोट लागलेली होती. तिच्यात कापसाच्या गाठी होत्या, सुमारे १,४०० टन स्फोटके होती, आणि सोन्याच्या १२४ विटा होत्या. ३१ पेट्या, प्रत्येकीत चार. दुपारच्या जेवणाच्या सुट्टीनंतर होल्डमध्ये परत उतरणाऱ्या कामगारांना धूर दिसला. चार वाजून गेल्यावर सुमारे अर्ध्या तासाच्या अंतराने दोन स्फोट झाले. अग्निशमन दलाचे ६६ जवान त्या दिवशी मृत्यू पावले आणि त्यांच्या स्मरणार्थ देशभर १४ ते २० एप्रिल हा अग्निशमन सेवा सप्ताह पाळला जातो. तो पाळला जायलाच हवा. पण एकूण मृतांचा आकडा विचारला तर उत्तर मिळते, ८०० ते १,३००. सोन्याच्या विटा नेमक्या किती होत्या हे ठाऊक आहे. त्यांतल्या काही कित्येक दशकांनी गाळ उपसताना सापडल्या तेव्हा त्यांची बातमी झाली. माणसांच्या आकड्यात मात्र ५०० चा फरक आहे, कारण त्यांतले अनेक तोलीवाल्याने त्या दिवसापुरते आत घेतलेले होते आणि त्यांची नावे कोणत्याही वहीत नव्हती. युद्धकाळातील सेन्सॉरमुळे या घटनेची बातमीही वर्तमानपत्रांत आठवडे उलटल्यावर आली. माझ्या चुलत्यांचे काय झाले, हे गावाकडे परतलेल्या माणसांच्या तोंडूनच घरी कळले. कोणताही कागद आला नाही. कागद नाही म्हणून चुलतीने पुढची चार वर्षे मंगळसूत्र उतरवले नाही, आणि तिला तसे करायला सांगण्याचे धाडस घरात कोणाला झाले नाही.

तिसरी तक्रार कागदांचीच आहे आणि तिच्यावर मी अधिक थांबणार आहे, कारण ही एकच गोष्ट अशी आहे की जी उशीर झाल्यावर परत मिळवता येत नाही. इमारत पडली तर तिचे छायाचित्र तरी उरते. हजेरीची वही रद्दीत गेली की तिच्यातला माणूस दुसऱ्यांदा नाहीसा होतो. काही वर्षांपूर्वी वडिलांच्या सेवेचा जुना दाखला हवा म्हणून मी एका कार्यालयात गेलो. त्या कार्यालयाचे नाव येथे लिहीत नाही, कारण मला तेथील कारकुनाला अडचणीत आणायचे नाही. त्याने मला चहा दिला आणि स्वतः माझ्याबरोबर तळघरात उतरला. तेथे पावसाचे पाणी शिरून फुगलेले, एकमेकांना चिकटलेले गठ्ठे होते. काही वह्यांच्या पाठीवर साल दिसत होते, काहींच्या नाही. एका वहीत मला अपघातांच्या नोंदी दिसल्या : तारीख, पाळी, धक्क्याचा क्रमांक, माणसाचे नाव, ‘डावा पाय, स्लिंग तुटून’. मी ती वाचत असताना तो कारकून म्हणाला की, हे सगळे लवकरच काढून टाकायचे आहे, कारण जागा रिकामी करायची आहे. वडिलांचा दाखला मिळाला नाही. पण मला अधिक टोचले ते हे की, ज्या वह्यांवरून या शहराच्या श्रमाचा खरा इतिहास लिहिता येईल, त्या कोणाच्याही ताब्यातील मालमत्ता म्हणून गणल्या जात नाहीत. नोंदणीची ती योजना चालवणारे मुंबईतील गोदी कामगार मंडळ १९९४ मध्ये पोर्ट ट्रस्टमध्ये विलीन झाले. एका संस्थेचे दुसरीत विलीनीकरण होते तेव्हा फर्निचरची यादी होते, देण्या-घेण्याची यादी होते. जुन्या वह्यांचीही तशी यादी झाली असेल, तर ती जाहीर करावी, एवढेच माझे म्हणणे आहे.

चौथी तक्रार लहान आहे. कंटेनर उतरवण्याच्या अंगणासाठी प्रिन्स आणि व्हिक्टोरिया या दोन्ही गोद्या भरून टाकण्यात आल्या. बंदराला जागा लागते हे मी समजतो, आणि पाणी अडवून ठेवण्यात मला रस नाही. पण १९४४ चा स्फोट जेथे झाला ते पाणीच आता जमिनीखाली गेले आहे, आणि तेथे उभे राहणाऱ्या माणसाला आपण कशावर उभे आहोत हे कळण्याची काही व्यवस्था असावी, ही अपेक्षा फार नाही.

पाचवी तक्रार जिवंत माणसांची. कंटेनर आला तेव्हा आमच्यातले अनेक जण त्याला शत्रू समजले. मी तसे समजत नाही. ज्या बोटीला मोकळा माल उतरवायला आठ-दहा दिवस लागत, ती काही तासांत रिकामी होऊ लागली. १९८९ मध्ये पलीकडे न्हावा शेवा बंदर सुरू झाले आणि मोठ्या बोटी तिकडे वळल्या. ज्या कामाने वडिलांच्या फुप्फुसांत गव्हाची धूळ भरली ते काम यंत्राने करावे, यात दुःख करण्यासारखे काही नाही. दुःख याचे आहे की, यंत्र आले तेव्हा त्याच्याबरोबर नोंदवहीही गेली. आज कंटेनर यार्डांत माल भरणारी, उतरवणारी, कंटेनर जखडून बांधणारी बरीच माणसे ठेकेदारामार्फत येतात. बोट असली की बोलावणे, नसली की नाही. पूर्वी मुकादम दारात उभा राहून बोट दाखवी, आता मोबाइलवर निरोप येतो, इतकाच फरक मला दिसतो. १९४८ च्या कायद्याने ज्या दुखण्यावर औषध दिले होते ते दुखणे परत आले आहे आणि कायद्याचे औषध मात्र १९९७ मध्येच मोठ्या बंदरांसाठी गैरलागू करण्यात आले. याच मुद्द्याला जोडून घरांचा प्रश्न येतो. वरळी, नायगाव आणि ना. म. जोशी मार्गावरील बी. डी. डी. चाळींचा पुनर्विकास मार्गी लागला; शिवडीच्या चाळी बंदराच्या जमिनीवर आहेत म्हणून तेथील रहिवासी मागे राहिले. ज्या जमिनीवर मरीना कोठे येईल हे ठरवता येते, त्या जमिनीवर शंभर वर्षांच्या चाळीतील माणसाने कोठे राहावे हे ठरवता येत नाही, हे मला पटत नाही.

आपण म्हणाल की आराखड्यात वारसा जतनाचे प्रकरण आहे. ते मी वाचले नसते तर हे पत्र लिहिलेच नसते. त्यात घड्याळाचे मनोरे आहेत, दगडी गोदामे आहेत, जुन्या क्रेन उजळवून उद्यानात ठेवण्याची कल्पना आहे. क्रेन चालवणारा त्यात नाही. लंडनमध्ये १८०२ च्या एका गोदामात २००३ मध्ये गोद्यांचे संग्रहालय उघडले आणि तेथे गोदी कामगारांचा १८८९ चा संप, ताशी सहा पेन्सांची मागणी आणि दरवाजाशी रोज होणारी निवड हाही संग्रहाचा भाग आहे. ज्या साम्राज्याने आमच्या गोद्या बांधल्या त्याच्या राजधानीला आपल्या हमालांची आठवण ठेवता येत असेल, तर आपल्यालाही ते जमावे.

मागण्या पुढीलप्रमाणे आहेत.

कोणत्याही शेडला, गोदामाला किंवा कार्यालयाला पाडण्याची परवानगी देण्याआधी त्यातील सर्व कागदपत्रांची यादी करावी आणि यादी पूर्ण होईपर्यंत एकही वही, एकही कार्ड नष्ट करू नये. हजेरीपत्रके, नोंदणी कार्डे, अपघात आणि नुकसानभरपाईच्या नोंदी राज्याच्या पुराभिलेख संचालनालयाकडे सोपवाव्यात आणि कामगारांच्या वारसांना आपल्या माणसाची नोंद विनाशुल्क पाहता यावी. ही मागणी मी सर्वांत वर ठेवतो. बाकी सर्व मागण्या फेटाळल्या आणि एवढी एकच मान्य केली तरी माझी तक्रार निम्मी होईल.

१९४४ च्या स्फोटातील मृत कामगारांची नावे गोळा करण्याचे काम एखाद्या विद्यापीठाच्या इतिहास विभागाकडे मुदतीसह द्यावे. त्या वर्षी भरपाईसाठी वटहुकूम निघाला होता, दावे दाखल झाले होते. पोलीस, रुग्णालये, स्मशानभूमी आणि दफनभूमी यांच्या नोंदी असतील. कोकणातील आणि घाटावरील गावांत अजूनही नावे सांगणारी घरे आहेत. यादी अपुरी राहील, तर अपुरी आहे असे लिहून लावावी. जेथे नाव मिळणार नाही तेथे ‘अज्ञात कामगार’ असे लिहावे, पण अंदाजे आकडा लिहू नये.

इंदिरा गोदीच्या परिसरातील एक शेड तिच्या हूक, स्लिंग, काटे आणि हातगाड्यांसह कामगारांचे संग्रहालय म्हणून राखावी आणि हयात असलेल्या कामगारांच्या आठवणी त्यांच्या त्यांच्या भाषेत ध्वनिमुद्रित कराव्यात. आमच्या गँगमध्ये मराठी, तेलुगू, हिंदी आणि कोकणी बोलणारी माणसे एकाच स्लिंगला हात लावत. त्यातले बहुतेक आता ऐंशीच्या पुढे आहेत. या कामासाठी त्यांना मानधन द्यावे. फुकट आठवणी काढून घेणे हीही एक प्रकारची बिनहजेरी मजुरी आहे.

शिवडीच्या चाळींतील आणि बंदराच्या जमिनीवरील इतर वसाहतींतील रहिवाशांना त्यांच्या पुनर्वसनाबाबतचा निर्णय, कोणत्याही भूखंडाचा लिलाव होण्याआधी, लेखी कळवावा. १९६३ च्या कायद्याखाली बंदराच्या मंडळावर कामगारांचे प्रतिनिधी असत आणि २०२१ च्या कायद्यानेही कर्मचाऱ्यांसाठी दोन जागा ठेवल्या आहेत. पुनर्विकासाच्या प्रत्येक नियोजन समितीतही तशा जागा असाव्यात, आणि त्यांतील एक निवृत्तांना द्यावी. ठेकेदारांमार्फत काम करणाऱ्या गोदी आणि यार्डातील प्रत्येक माणसाचे नाव एका सार्वजनिक नोंदवहीत असावे, म्हणजे उद्या काही घडले तर ऐंशी वर्षांनी कोणाला अंदाज करीत बसावे लागणार नाही.

शेवटची मागणी अगदी बिनखर्चाची आहे. नकाशाच्या सूचीतील तो शब्द बदलावा.

माझ्याकडे माझ्या स्वतःच्या तीन टॅली वह्या आहेत. कार्यालयाने बाद केल्या त्या दिवशी मी त्या परवानगीने घरी आणल्या. वडिलांचा हूक आहे. त्याची लाकडी मूठ त्यांच्या पंजाच्या आकाराने झिजलेली आहे आणि माझ्या हातात ती बसत नाही. त्यांचे नोंदणी कार्डही अजून तसबिरीमागे आहे. संग्रहालयाची शेड ठरेल त्या दिवशी हे सर्व मी स्वतः आणून देईन. मात्र नग मोजून, क्रमांक घालून, दोन्ही बाजूंच्या सह्यांची पावती झाल्याशिवाय हातातून सोडणार नाही.

आपला,
एक निवृत्त टॅली क्लार्क
मुंबई